रिकाम्या गावातला धूर

"गो रतन, तुमच्या घरातसून धूर येता."

सुभद्राकाकीने हे इतक्या साध्या आवाजात सांगितलं की मी आधी "बरा" म्हणाले. मी कोंबड्यांची टोपली उघडत होते. मग हात थांबला.

आमच्या घरात कोणी नव्हतं. सडेखोल वाडीत कुणाच्याच घरात कोणी नव्हतं. माणूस नाही, गुरं नाहीत, कुत्रं नाही, पिंजऱ्यातला पोपटसुद्धा नाही. गावपळणीचा दुसरा दिवस होता. सगळी वाडी आपली खोलगट जागा सोडून वर सड्यावर आली होती, त्या काळ्या कातळाच्या पठारावर, शिवेच्या धोंड्यापलीकडे, विणलेल्या झावळ्यांच्या झापांच्या खोपी घालून. तीन दिवस कुणी खाली उतरायचं नाही. खाली चूल पेटलेली नको. खालच्या दिशेला तोंड करून कुणाला नावाने हाक मारायची नाही. चौथ्या सकाळी गुरव शिवेच्या धोंड्याला फुलांचे कळे लावून कौल मागणार. उजवा कळा पडला की घरी, डावा पडला की आणखी एक दिवस सड्यावर. दर चार-पाच वर्षांनी हे असं चालत आलेलं.

मी कड्यापाशी गेले. खाली माडांच्या शेंड्यांतून घरांची कौलं दिसत होती, भात कापून रिकामे झालेले मळे दिसत होते. आणि मधोमध, आमच्या मागच्या पडवीतून, धूर. बारीक नाही. जाड, पांढरा, गुंडाळ्या होत वर येणारा.

"चुलीत निखारो रवलो असात," कोणीतरी म्हणालं.

"मी पाणी ओतून इलंय," आये म्हणाली. ती केव्हा माझ्या मागे येऊन उभी राहिली ते कळलं नव्हतं.

मग खालून आवाज आला. किर्र, किर्र, किर्र. आमच्या विहिरीचा रहाट. एरवी त्या आवाजाकडे कुणाचं लक्षही जात नसे. आज खाली सगळ्या वाडीत दुसरा आवाजच नव्हता.

"मगे आता काय निखारो पाणी काढूक लागलो?" सुभद्राकाकी म्हणाली. दोघे-चौघे हसले. आये हसली नाही. ती धुराकडे बघत होती.

"न्हाणीच्या चुलीचो धूर तो," ती हळूच म्हणाली. "ओल्यो झावळ्यो घातल्यान. शंभरदा सांगितलंय, ओल्यो घालू नको."

मी तोंड उघडलं. तिने माझ्या तोंडावर हात दाबला. राखेचा, कांद्याचा वास असलेला हात.

"नाव घेव नको," ती म्हणाली.


*इतिहास, तातू गावकराच्या तोंडचा*

हा त्याने त्याच सकाळी सांगितला, धोंड्याला टेकून, सगळ्यांना ऐकू जाईल असा. तातू गावकर म्हणजे वाडीचा पहिला मानकरी. त्याच्या शब्दाशिवाय कुणाच्या घरचं लग्नही ठरत नसे.

आपले पूर्वज घाटावरून पळून आले. कशाला पळाले ते विचारू नका. या खोलगट जागेत पाणी दिसलं, रान तोडलं, भात पेरलं. तर रोज सकाळी मडकी पालथी. गुरं उभ्या उभ्या पडायची. मग सगळ्यात वडील होता त्याच्या स्वप्नात जागेवालो, या जागेचा राखणदार, आला. म्हणाला, जागा माझी. जमीन कसा, खावा, पोरं वाढवा, माझी ना नाही. पण मधनं मधनं तीन दिवस माझी जागा मला मोकळी करून द्या. माणूस नको, जनावर नको, विस्तव नको. मला माझ्या घरात एकट्याला बसायचं आहे.

"आपण मालक नाय," तातू म्हणाला. "उसन्या जागेर रवतंव. उसना घेतल्यार शब्द पाळूक होयो. आनि आज तुमच्या न्हाणीत विस्तव आसा."

"माका कित्या सांगतंस?" आये म्हणाली. "मी हंय आसंय."

"तुझो झील थंय आसा म्हणान."


माझा भाऊ लवू.

मागच्या गावपळणीला बाबा सड्यावर तापाने फणफणले होते. मार्गशीर्षातला वारा, झापाची खोप, अंगावर एक पंचा. दुपारी लवू कुणाला न सांगता खाली उतरला आणि घरातली गोधडी घेऊन आला. आयेने आपल्या जुन्या लुगड्यांची शिवलेली, एका बाजूने पिवळी, एका बाजूने जांभळी. बाबा त्या गोधडीत घाम येऊन झोपले. आम्हाला वाटलं, उतार पडला. घरी परतल्यावर थोड्याच दिवसांत ते गेले.

वाडी काही बोलली नाही. नुसती आमच्या अंगणाकडे बघेनाशी झाली. बोलली ती आये. बाबांचे दिवस घालून झाले, पाहुणे गेले, आणि तिने ती गोधडी उचलून लवूच्या अंगावर फेकली. "घी तुझी गोधडी आनि चलतो हो. बापाशीक खाल्लंस तू."

त्याने गोधडी उचलली. घडी घातली, आणि नीट घातली, कोपऱ्याला कोपरा लावून, हे मला अजून दिसतं. आणि निघाला. नंतर कुणी म्हणालं म्हापशाला बेकरीत आहे, कुणी म्हणालं खाणीवर. पत्र नाही, निरोप नाही. आयेने त्याचं नाव घेतलं नाही आणि त्याचं ताट मात्र रोज घासून पालथं घातलं.

आता तो खाली न्हाणीच्या चुलीला ओल्या झावळ्या घालत होता. वाडी होती तेव्हा त्याला येता आलं नाही. वाडी नव्हती तेव्हा आला.


दुपारी ऊन वर आलं आणि आमच्या अंगणातल्या दोरीवर काहीतरी पसरलेलं दिसलं. माडांच्या फटीतून एक तुकडा पिवळा. वारा आला तेव्हा एक तुकडा जांभळा.

आये मटकन बसली.

"परत हाडल्यान," ती म्हणाली. "माझ्या तोंडार परत मारूक हाडल्यान."

"आये, धुतली आसा ती," मी म्हटलं. "तोंडार मारूची ती कोण धुता?"

ती उठली आणि सरळ शिवेच्या धोंड्याकडे चालायला लागली. मी मागे. बायका मागे. धोंड्यापाशी बाबल गुरव विडी ओढत बसला होता. त्याने विडी विझवली नाही, पण लपवली.


*इतिहास, बाबल गुरवाचा*

हा त्याने आयेला हलक्या आवाजात सांगितला, तातू लांब होता तेव्हा.

"वयनी, तुका खरा सांगतंय. स्वप्न बिप्न काय नाय. माझो आजो सांगी, कसली तरी साथ इली, माणसा पटापट मरूक लागली, म्हणान सगळी सड्यार इली. रोग गेलो तेव्हा खाली गेली. मगे सवय झाली. इतक्याच."

"मगे मी जातंय," आये म्हणाली.

"जा."

ती गेली नाही.

"जा मगे," गुरव म्हणाला. "कोणी तुका धरूक नाय."

खरंच कुणी धरलं नव्हतं. धोंड्यापलीकडे पायवाट होती, तिच्यावर आदल्या दिवशीच्या आमच्याच गुरांचं शेण वाळलेलं. आये धोंड्याला हात लावून उभी. तिचा एक पाय उचललेला. मला वाटलं, आता. आता टाकेल.

तिने पाय मागे घेतला.

"मी गेलंय आनि तेका काय झाला तर?" ती म्हणाली. "तो गेलो तेव्हा त्याचो बापूस गेलो. मी गेलंय तर कोण जातलो? थंय दुसरा कोण आसा?"

आपल्याच तोंडाने साथीची गोष्ट सांगितलेला तो माणूस, पण गावपळणीत तोही धोंड्यापलीकडे कधी गेला नव्हता.

"कौल लाव," आये म्हणाली.

"वेळ नाय ती कौलाची."

"लाव रे मेल्या."

त्याने दोन कळे भिजवून धोंड्याला चिकटवले. तोपर्यंत तातूही येऊन उभा राहिला होता. वारा होता. डावा कळा पडला.

"पुन्हा लाव."

डावा.

"वाऱ्यान पडलो तो," मी म्हणाले.

"वारो कोणाचो, बाय?" तातू म्हणाला.


*इतिहास, आयेचा*

हा त्याआधी कुणीच ऐकला नव्हता. तिने तिथेच सांगितला, धोंड्याकडे पाठ करून, सगळ्या वाडीकडे बघत. तिचा आवाज मला अनोळखी वाटला.

पहिली गावपळण झाली तेव्हा एक बाळंतीण होती. उठवेना. नवरा म्हणाला, नेऊया पाठीवर. तिला पाठीवरही नेववेना. तर ती मागे राहिली, एकटी. सगळे सड्यावर. मग खाली धूर दिसला. जागेवाल्याने स्वतः पाणी काढलं. स्वतः चूल पेटवली, तिच्या न्हाणीला पाणी तापवलं. आणि तिसऱ्या दिवशी तिची आई शीव ओलांडून खाली गेली, पोरीला बघायला. जागेवाल्याने तिला येताना बघितलं. आणि तोंड फिरवलं. बघितलंच नाही असं केलं.

"आवस असली तर तो तोंड फिरवता," आये म्हणाली. "असा आसा ता."

सुभद्राकाकीने पदराने डोळे पुसले.

"ह्यां कोणी सांगल्यान तुका?" तातूने विचारलं.

"माज्या सासयेन."

"तुझी सासू म्हणजे माझी आत्ये. तिना माका कधी सांगूक नाय."

"तू कधी कोणाचा ऐकलंस तर ती सांगतली."

हशा झाला. तातूसुद्धा जरा हसला. मग तो म्हणाला, आणि वाईट आवाजात नाही म्हणाला, "वयनी, खरा असात तर जा. मी वाटेत उभो रवाचंय नाय."

तो बाजूला झाला. सगळे बाजूला झाले. पायवाट पुन्हा मोकळी.

आये तिथेच उभी राहिली. गोष्ट तिचीच होती. बाकीच्यांना थोडी पटली होती, तिला नव्हती.


तिसऱ्या दिवशी सकाळी खाली धूर नव्हता. रहाटही वाजला नाही. गोधडी दोरीवर होती तशी होती.

"गेलो असात," सुभद्राकाकी म्हणाली. "बरा झाला. सुटलो बापडो."

आयेने आमच्या खोपीपुढची चूल ओढून कड्याशी नेली. तीन दगड, जाळ. मग तिने खोपीच्या मागच्या बाजूचा एक ओला झाप उपसून काढला आणि जाळावर घातला. तिने, जिने शंभरदा सांगितलं होतं, ओल्या घालू नकोस. धूर असा उठला की मागच्या खोपीतल्या बायका खोकायला लागल्या.

आम्ही वाट बघितली. खालून काही येईना. आयेने दुसरा झाप घातला.

मग खालून, न्हाणीतून, एक पांढरी गुंडाळी वर आली.

आयेने पदर तोंडावर धरला. ती रडत होती की हसत होती, सांगता येणार नाही. तिने जाळ विझू दिला, तशी खालची गुंडाळीही पातळ झाली. तिने पुन्हा झाप घातला. खालून पुन्हा आली. असं दुपारपर्यंत चाललं. आमच्या खोपीला मागची भिंत उरली नाही. सुभद्राकाकी गुपचूप आपल्या खोपीचा एक झाप आणून टाकून गेली. "माका काय म्हायत नाय हां," म्हणाली.

काय बोलली ती दोघं, मला माहीत नाही. "जेवलंस?" एवढंच असेल. आये दुसरं काय विचारणार.


चौथ्या सकाळी सगळ्यांनी बोचकी बांधली होती. गुरांचं गवत संपत आलं होतं, पाणी लांबून झऱ्यावरून आणावं लागत होतं, तान्ह्या पोरांना वाऱ्याने पडसं झालं होतं. गुरवाने धोंड्यापुढे गाऱ्हाणं घातलं.

"बा जागेवाल्या म्हाराजा, तुझी जागा तुका मोकळी करून दिली, म्हाराजा."

"होय म्हाराजा," सगळे.

"लेकराबाळांची काय चूकभूल झाली असात ती पदरात घी. आनि आता गावात जावक देतंस तर उजवो दी, म्हाराजा."

"होय म्हाराजा."

डावा.

सगळ्यांनी फक्त आमच्याकडे बघितलं. आदल्या दिवशी झाप आणून देणाऱ्या सुभद्राकाकीनेही बघितलं. तिच्या कडेवर नातू खोकत होता.

"मोकळी खय दिली?" मागून एक गडी म्हणाला. "थंय यांचो धूर चल्लोहा. ह्यो रवतलो थंय आनि आमी हंय सुकतलंव."

"मगे जावन काढा तेका भायर!"

"कोण जातलो?"

कोण जाणार! त्याला काढायला जायचं तर शीव ओलांडावी लागणार. हाक मारायची तर नाव घ्यावं लागणार. तो असेपर्यंत कौल नाही, आणि कौल नाही तोपर्यंत त्याच्यापर्यंत कुणी पोचणार नाही. भरलेली वाडी धोंड्याशी अडून राहिली होती आणि खाली एक माणूस.

तातू आयेपुढे येऊन उकिडवा बसला. "वयनी, तो तुझो धूर बघून रवता. तू घातलंस तर तो घालता. तू बंद केलंस तर..."



आयेने माझ्याकडे बघितलं. मी काय करणार होते? मी म्हणायला हवं होतं की मी जाते. माझ्या मनात होतं. ओठांपर्यंत होतं. पण मीही लहानपणापासून त्याच वाडीत वाढले होते, आणि माझ्यासाठीही तो धोंडा नुसता धोंडा नव्हता.

आयेने झऱ्यावरून आणलेली कळशी उचलली आणि चुलीवर रिकामी केली. फस्स झालं. मोठा ढग उठला, पांढरा, धुरापेक्षा पांढरा, आणि वाऱ्याने लगेच फाटला. मग काही नाही.

खाली न्हाणीतून एक गुंडाळी आली. थांबली. पुन्हा एक आली.

आये कळशी धरून उभी होती.

आणखी एक, बारीक. मग तीही थांबली.


ऊन उतरायला लागलं तेव्हा तो दिसला. समोरच्या डोंगराच्या पायवाटेवर, जी पलीकडे मोटारीच्या रस्त्याला जाते. पांढरा सदरा, काखेत पिशवी. फार बारीक झाला होता, की लांबून तसा दिसला. वळणावर थांबला आणि आमच्या बाजूला तोंड करून उभा राहिला. आम्ही सगळे कड्यावर. कुणी हात वर केला नाही, हाक मारली नाही. नियम होता.

मग तो वळणाआड गेला.

"गोधडी?" आये म्हणाली. "काखेत गोधडी होती? रतन, तुझे डोळे बरे. होती?"

"नाय. पिशवी होती."

"ठेवन गेलो. फेकून गेलो माका."

तेव्हा तातू तिच्या शेजारी बसला, कातळावर, गुडघे हातात धरून. त्या तीन-चार दिवसांत तो एकदम म्हातारा झाल्यासारखा वाटला.

"फेकूक नाय गो," तो म्हणाला. "मीया सांगितलेलंय तेका."

"काय सांगितलंस?"

"तो घर सोडून चल्लो तेव्हा वाटेत गाठ पडली. माका इचारल्यान, तातूकाका, आता काय केला तर ह्यां फिटात? मीया सांगितलंय, ह्या दिवसांत गावातसून जी वस्तू भायर गेली, ती जागेवाल्याची. ती ह्याच दिवसांत परत जाग्यार ठेवक होयी. पुढच्या गावपळणीक."

आये त्याच्याकडे बघत राहिली.

"माका काय वाटलेला तो खराच येतलो?" तातू म्हणाला. "इतकी वर्सां सांभाळून ठेवन?"


पाचव्या सकाळी उजवा पडला.

आम्ही घरी गेलो. गोधडी माजघरात होती, बाबा जिथे झोपायचे तिथे, कोपऱ्याला कोपरा लावून घडी केलेली. एका कडेला नवा तुकडा जोडला होता, निळ्या चौकड्यांच्या शर्टाचा. आयेने त्यावरून बोट फिरवलं.

"टाके बघ कसे घातल्यान," ती म्हणाली. "मोठे मोठे."

मग ती मागच्या पडवीत गेली. न्हाणीतला हंडा काठोकाठ भरलेला होता. तिने पाण्यात हात घातला आणि तसाच ठेवला. खाली राखेत निखारा होता, जाताना नीट झाकून ठेवलेला. पाणी कोमट होतं.

तिने दार लावून घेतलं. बराच वेळ आतून पाणी ओतल्याचा आवाज येत होता.


*इतिहास, आजचा*

आये नाही. तातू नाही, बाबल गुरव नाही. लवू पुन्हा आला नाही. गोव्यात चौकशा केल्या, कुणी काही सांगितलं नाही. गावपळण चालू आहे. आता शहरातून लोक बघायला येतात, सड्यावर गाड्या लावतात. गेल्या खेपेला सुभद्राकाकीची पणती मोबाइलसमोर उभी राहून त्यांना सडेखोलचा इतिहास सांगत होती. फार छान सांगते. पहिल्या गावपळणीला एक बाळंतीण मागे राहिली. जागेवाल्याने तिच्यासाठी पाणी तापवलं. थंडीत तिच्या अंगावर पिवळी-जांभळी गोधडी घातली. आणि तिची आई शीव ओलांडून आली तेव्हा त्याने तोंड फिरवलं.

"ही खूप जुनी कथा आहे," ती म्हणाली. "आमच्या पूर्वजांपासूनची."

पाहुण्यांपैकी एका बाईने विचारलं, मग तेव्हापासून आयांना जायला परवानगी आहे का?

पणती जरा गोंधळली. माझ्याकडे बघितलं तिने.

"नाही," मी म्हणाले.

निघायच्या दिवशी मी सगळ्यात शेवटी घराबाहेर पडते. खाली विस्तव ठेवायचा नाही, हा नियम मी पाळते. पण हंडा भरून ठेवायला कुणी मनाई केलेली नाही. चुलीत लाकडं रचून ठेवते, वर ओल्या झावळ्या, आणि कोनाड्यात काड्यांची पेटी. तीन दिवस सड्याच्या कडेला बसून खाली बघत असते. कौल उजवा पडला की बाकीचे गोठ्याकडे जातात, कोणी देवाजवळ दिवा लावायला जातं. मी मागच्या पडवीत जाते आणि हंड्यात हात घालते.

पाणी गार असतं.